चौथं पान कुणी फाडलं?

१

मीटर तपासणीच्या अहवालाच्या पहिल्याच पानावर, वरच्या कोपऱ्यात छापलं होतं, एकूण पाने चार. कौतिक आबांनी अंगठा ओला करून पानं मोजली. तीन भरली. पुन्हा मोजली, पुन्हा तीनच. पिनेखाली मात्र कागदाचा नखाएवढा चिटोरा अडकून राहिला होता. म्हणजे चौथं पान गळून पडलेलं नव्हतं. कुणीतरी ते ओढून फाडलं होतं.

आता कौतिक महाजन म्हणजे पिंप्राळ्यातलं मीटरचं पंचांग. वीज कंपनीच्या चाचणी कक्षात छत्तीस वर्षं त्यांनी मीटरं उघडली आणि मिटली. निवृत्त झाल्यावर ज्याचं बिल फुगलं तो उठायचा आणि आबांच्या ओट्यावर येऊन बसायचा. आबा आधी त्याला शिव्या घालत, मग चहा पाजत, मग कंपनीच्या चुकीवर बोट ठेवून अपील लिहून देत. पैसा कुणाकडून घेतला नाही. पण गेल्या पोळ्यानंतर हा सगळा बाजार उठला होता. आबांचा एकुलता एक मुलगा स्वप्नील वीज कंपनीत तंत्रज्ञ होता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी वादळात तुटलेली लाइन जोडायला खांबावर चढला आणि खाली आला तो चादरीत. त्या दिवसापासून आबांनी कुणाचं बिल हातात धरलं नव्हतं. घरात सून नूतन आणि आबा, दोघंच. दोघं एकमेकांना जेवलात का एवढंच विचारायची.

तरी आज चष्मा डोळ्यावर चढला, कारण फाईल घेऊन आलेली पोरगी नजीरची होती. शाझिया.

नजीर पिंजारी म्हणजे कॉलनीच्या नाक्यावरचा चक्कीवाला. तीस वर्षं अख्ख्या पिंप्राळ्याचं दळण त्याच्या चक्कीतून गेलं. स्वप्नील गेला तेव्हा लोक आले, चार शब्द बोलले आणि निघून गेले. नजीर रोज संध्याकाळी येत राहिला. पिठानं पांढऱ्या झालेल्या भुवया पुसायचा, ओट्यावर बसायचा आणि अर्ध्या तासानं उठून जायचा. एक शब्द बोलायचा नाही. आबांना तेवढीच सोबत पुरायची.

दिवाळी झाली आणि कंपनीचं भरारी पथक नजीरच्या चक्कीवर आलं. मीटरच्या झाकणाचं सील तुटलेलं, आणि आत तीनपैकी एका फेजची तार मीटरला वळसा घालून सरळ पुढं जोडलेली. म्हणजे चक्की तीन फेजवर चालायची आणि मीटर दोनच मोजायचं. पंचनामा झाला, मीटर पेटीत बंद झालं, चक्कीच्या शटरला नोटीस चिकटली. चोरी कधीपासून चालू होती ते कळत नाही म्हणून नियमाप्रमाणे आख्ख्या वर्षाची आकारणी लागली. कॉलनीतली पोरं शटरसमोरून जाताना ती नोटीस मोठ्यानं वाचायची. नजीर कुणाशी भांडला नाही. आबांकडे यायचं तेवढं त्यानं बंद केलं. डिसेंबरच्या शेवटी छातीत कळ आली आणि संपला. चाळीसावा होऊन चार दिवस झाले होते.

शाझियानं वडिलांच्या नावानं अपील लावलं होतं. सुनावणी पुढच्या बुधवारी. आबा म्हणाले, बघू, आकारणी कमी करता येते का.

"कमी नको, आबा," ती म्हणाली. "सगळी भरायला लागली तरी भरेन. त्या कागदावर 'चोरी' लिहिलंय, तो शब्द खोडायचाय. अब्बांनी कुणाचं पसाभर पीठ ठेवून घेतलं नाही. हे तुम्हाला ठाऊक आहे."

ठाऊक होतं म्हणून तर आबा गोंधळले होते. चौथ्या पानावर मीटरच्या पोटातली नोंद असते. फेज कोणत्या तारखेला, किती वाजता तुटली, हे मीटर स्वतः लिहून ठेवतं. निरपराध माणसाला वाचवणारं ते एकच पान. कंपनीच्या फायलीतही आदेशाला पहिली तीनच पानं जोडलेली होती. नुसते आकडे म्हणून चौथं कुणी लावलंच नसावं. पण ही प्रत नजीरची स्वतःची.

"ही फाईल कुठं असायची?" आबांनी विचारलं.

"अब्बांच्या पेटीत. किल्ली त्यांच्या कमरेला. घराबाहेर ती कधी गेलीच नाही."

म्हणजे पान फाडणारा हात घरातला होता.

२

आबा आधी प्रेमराजकडे गेले. घरातला हात म्हटलं तरी त्या हाताला बाहेरून कुणी चावी दिलेली असू शकते. प्रेमराजची चक्की दोन गल्ल्या पलीकडे, आणि नजीरचं शटर पडल्यापासून तिथं डब्यांची रांग लागत होती. पथकाला चहाडी यानंच सांगितली असं सगळी कॉलनी धरून चालली होती.

प्रेमराज भडकला. लोक तोंडावर काही बोलत नाहीत आणि पाठीमागं चहाडखोर म्हणतात, हे त्याला झोंबलं होतं. आपण कुणाला फोन केला नाही, पथकवाल्यांनीच सांगितलं होतं की श्रावणापासून नजीरचं मीटर एकदम कमी पळायला लागलं म्हणून संगणकानं नाव काढलं, असं तो तावातावानं म्हणाला. मग जरा शांत झाला आणि आपणहून एक गोष्ट बोलून गेला. नजीरच्या नशिबाचा त्याला हेवा होता, हे त्यानं लपवलं नाही. श्रावणातल्या कानबाईच्या सणाच्या आदल्या सकाळी नजीरची चक्की अर्धा-पाऊण तास बंद पडली होती. बाया डबे घेऊन याच्याकडे निघाल्या होत्या. पण यानं चक्की धुतली नव्हती, म्हणून अर्ध्या वाटेतून त्या परत गेल्या. आळस नडला, असं म्हणून प्रेमराजनं कपाळाला हात लावला.

आबांनी ते ऐकलं आणि तेव्हा सोडून दिलं.

मग दानिश. शाझियाचा थोरला भाऊ, स्टेशन रस्त्याला मोबाइल दुरुस्तीचं दुकान. आई इद्दतीत, म्हणजे नवऱ्यामागच्या चार महिन्यांच्या एकांतात, असल्यामुळं घरी परक्या पुरुषानं जाणं बरं दिसत नव्हतं, म्हणून आबांनी त्याला दुकानावरच गाठलं. दानिशला चक्की नको होती. ती जागा भाड्यानं द्यावी म्हणून बापाशी त्याची वर्षभर धुसफूस चालू होती, हे आबांच्या कानावर होतं. चक्की बंद पडली तर फायदा कुणाचा, हा हिशेब आबांनी मनात मांडूनच ठेवला होता.

दानिशनं हातातला स्क्रू खाली ठेवला. पाच मिनिटं तो नुसता इकडचं तिकडचं बोलला. अपील मागं घ्यायला शाझियाला सांगा म्हणाला. काय व्हायचं ते झालं, आता उगाळून काय मिळणार म्हणाला. आबा हलले नाहीत.

"पान अब्बांनीच फाडलं," शेवटी तो म्हणाला. "अहवाल घेऊन आले त्याच दिवशी. मी दारात होतो. फाडलं, काडी लावली, राख मोरीत टाकली. मला पाहिलं आणि म्हणाले, बहिणीला सांगू नको." त्यानं स्क्रू पुन्हा उचलला. "तेव्हा मला कळलं की चोरी खरी होती. पुरावा जाळणारा माणूस दुसरा कोण असतो, आबा? त्यानंतर मी त्यांच्याशी नीट बोललो नाही. शेवटपर्यंत नाही."

आबा दुकानाच्या पायरीवर बसले. नजीर अडाणी नव्हता. चौथ्या पानात काय असतं हे त्याला चाचणीच्या वेळी समजावलेलं असणारच. आपल्याला वाचवणारा कागद माणूस स्वतःच्या हातानं का जाळतो?

३

पान जाळलं तरी मीटर शाबूत होतं. शाझियानं अर्ज केला, आणि सोमवारी चाचणी कक्षात पेटी पुन्हा उघडायचं ठरलं. ती, आबा आणि कक्षाचा आताचा प्रमुख हिलाल. हिलाल म्हणजे आबांचाच चेला. पहिल्या दिवशी स्क्रू ड्रायव्हर उलटा धरणारं हे पोर आबांनी टपल्या मारून तयार केलं होतं. आजही त्यानं आबांना वाकून नमस्कार केला आणि खुर्ची पुढं सरकवली.

यंत्र जोडलं. मीटरच्या पोटातली नोंद कागदावर आली. हिलालनं वाचून दाखवलं: दोन ऑगस्ट, सकाळी पाच बावन्नला वीज खंडित. सहा एकतीसला वीज सुरू. सहा एकतीसपासून एक फेज बंद, ती पथक येईपर्यंत बंदच.

शाझियाचा चेहरा उजळला. म्हणजे वर्षभराची चोरी खोटी. त्याआधी मीटरनं दाणा न दाणा मोजलेला होता. ती भरभर लिहून घ्यायला लागली. आबांनी मात्र भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं आणि मागं मागं मोजत गेले. दोन ऑगस्टला शनिवार. नागपंचमीनंतरचा पहिला रविवार तीन तारखेला. म्हणजे कानबाईची आदली सकाळ. प्रेमराजनं सांगितलेली तीच.

मग हिलालनं पेटीतून जप्त केलेला जोड काढला. वीतभर तार, मध्ये जळून काळी पडलेली, दोन टोकं पिळून एक केलेली, वरून काळी टेप. आबांनी तो हातात घेतला. टेप तीन वेढ्यांची होती, घट्ट, आणि शेवटी तिचं टोक दुमडून त्रिकोणी शेपूट काढलेलं होतं. चिमटीत धरून ओढलं की सगळी टेप एका दमात सुटावी असं.

आबांनी तो जोड टेबलावर ठेवला आणि पाणी मागितलं. हिलाल पाणी आणायला उठला खरा, पण जाताना त्याची आणि आबांची नजर एक झाली, आणि हिलालनं ती पटकन काढून घेतली.

"हिलाल," परत आल्यावर आबांनी हळूच विचारलं, "कानबाईच्या शनिवारी तू कुठं होतास?"

"शिरपूरला, आबा. आमच्या थोरल्या घरी. गुरुवारीच गेलो होतो." तो जमिनीकडे बघत होता. "पहिल्यांदा पेटी उघडली तेव्हाच मी हा जोड पाहिला होता. मी काही बोललो नाही. तुम्हीही बोलू नका."

शाझिया लिहिण्यात गुंतलेली होती. तिनं यातलं काही ऐकलं नाही.

४

कमलबाईंचं घर चक्कीच्या बरोबर समोर. सत्तरी ओलांडलेली बाई, कॉलनीतल्या सगळ्या कानबाया तिच्या सल्ल्यानं बसायच्या. आबा तिथं गेले ते एवढंच विचारायला की त्या सकाळी नक्की काय झालं. स्वतः आबा तेव्हा पिंप्राळ्यात नव्हते. त्यांच्या भाऊबंदकीची कानबाई धुळ्याकडे, गावी बसते. ते शुक्रवारीच निघून गेले होते. स्वप्नीलला शनिवारी दुपारपर्यंत ड्युटी होती. तो आणि नूतन संध्याकाळी येऊन पोचले होते.

कानबाईच्या रोटाला घरातल्या दर पुरुषामागे सव्वा मूठ गहू मोजून घेतात, आणि ते दळायच्या आधी चक्की धुतलेली लागते. ही रीत. नजीर दर वर्षी बायांच्या आधी उठून चक्की धुवायचा आणि त्या दिवशी रोटाशिवाय दुसरं दळण घ्यायचा नाही. कुणी त्याला सांगितलं नव्हतं. आपल्या चक्कीतून देवीचं दळण जातं याचा त्याला अभिमान होता.

"औंदा त्यानी नळी लावी," कमलबाई सांगू लागल्या. "बठ्ठी चक्की धुई काढी. पाट, पट्टा, भितडं, काही सोडं नही. वर मीटर शे, त्याना भानच ऱ्हायना नही. एकदम भडका उडना आनि अंधारं पडनं."

नळीचं पाणी मीटरमध्ये शिरलं होतं. पन्नास-साठ बाया डबे घेऊन उभ्या होत्या. दिवस वर यायच्या आत रोट दळून न्यायचे होते. नजीर कपाळ बडवून घेत होता. देवीचं काम आपल्या हातानं बिघडलं म्हणून त्याच्या डोळ्याला पाणी आलं होतं. कंपनीच्या ऑफिसात फोन लावला तर सोमवारी माणूस पाठवतो म्हणाले. मग पाऊण तासानं चक्की सुरू झाली.

"सुरू कुणी केली, अक्का?"

कमलबाईंनी पदर सावरला. एवढ्या बायांमध्ये कोण आलं न कोण गेलं, आपल्याला दिसतही कमी, असं काहीबाही पुटपुटल्या. ज्या बाईला धुतलेली भिंतसुद्धा आठवत होती, तिला माणूस आठवत नव्हता.

"मना ध्यानमा नही, आबा," त्या म्हणाल्या, आणि आबांच्या हातावर हात ठेवून रडायला लागल्या.

तिथून आबा घरी आले ते पायी, सावकाश. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात ना, तसं झालं होतं. चार दिवस ते ज्याला शोधत होते तो त्यांच्याच घरातून उठून गेलेला होता.

५

नूतन भाजी निवडत होती. आबांनी चप्पल काढली नाही, पाणी घेतलं नाही. समोर बसले आणि पाढा म्हणावा तसं सांगत गेले.

चोर जोड लपवतो. तो टेप अशी गुंडाळतो की कुणाला ती सहज सुटू नये. त्या तारेवरची टेप सुटण्यासाठी गुंडाळलेली होती, पुढं येणाऱ्या माणसाला त्रास नको म्हणून. तात्पुरत्या कामाला शेपूट ठेवायचं, ही आबांची स्वतःची पद्धत. जन्मात त्यांनी ती दोघांनाच शिकवली. एक हिलाल, तो शिरपूरला होता.

"दुसरा माझा पोरगा," आबा म्हणाले. "तुला ठाऊक होतं, नूतन?"

तिनं हातातली जुडी खाली ठेवली. हो म्हणाली.

मग सगळं एकदम बाहेर पडलं. स्वप्नील ड्युटीवर निघाला होता. नजीरचाचांना रडताना पाहून थांबला. मीटरमधलं एका फेजचं टोक जळून गेलं होतं. त्यानं सील तोडलं, तार सरळ जोडली आणि चक्की सुरू करून दिली. सोमवारी नवं मीटर आणतो, तोवर चालू द्या म्हणाला. सोमवारी स्टोअरमध्ये मीटर नव्हतं. नंतरही नव्हतं. रोज विचारत होता. त्यातच पोळा आला.

आबांच्या मनात मेलेल्या पोरावर राग उसळला. अरे गाढवा, एक ओळ लिहून ठेवायची होती. जोड आधी कागदावर आणि मग तारेवर, हे तुला मी किती वेळा सांगितलं. साहेबाला नुसता निरोप दिला असतास तर आज नजीर जिवंत असता. रागासरशी त्यांना ते पोर डोळ्यांपुढं दिसलं, बाया खोळंबल्या म्हणून घाईघाईनं शिडीवर चढणारं, आणि राग कुठल्या कुठं गेला.

"पथक येऊन गेलं त्या दिवशी नजीरचाचा आले होते," नूतन म्हणाली. "तुम्ही दवाखान्यात होतात. स्वप्नीलच्या जागी माझ्या अनुकंपा नोकरीची फाईल वर गेलेली त्यांना माहीत होती. म्हणाले, बेटी, स्वप्नीलचं नाव निघालं तर ती फाईल खाली येईल. मी म्हातारा माणूस, मला चोर म्हणतील, चार दिवस म्हणतील आणि विसरतील. मी त्यांना नको म्हटलं नाही, आबा. मला ती नोकरी पाहिजे होती. मी गप्प बसले आणि ते मरून गेले."

आता कोडं राहिलं नव्हतं. चौथ्या पानावरची तारीख पाहिली की कुणीही विचारणार, त्या सकाळी चक्की कुणी सुरू केली? आणि साठ बायांपैकी एखादी सांगणार. म्हणून नजीरनं पान जाळलं. दोन-अडीच महिने ओट्यावर येऊन गप्प बसणारा माणूस काय पोटात घेऊन बसत होता, ते आबांना आज कळलं, आणि त्यांना हुंदका आवरेना.

पण रडून झाल्यावर त्यांनी जो निर्णय घेतला, तो त्यांना शोभणारा नव्हता. नवं चौथं पान द्यायचं. वर्षाची आकारणी तीन महिन्यांवर येईल. त्यापुढं तोंड उघडायचं नाही. नजीरची इच्छाही तीच होती, असं त्यांनी नूतनला सांगितलं. ती पुन्हा भाजी निवडायला लागली.

मंगळवारी शाझिया आली. आणखी काही सापडलं का, म्हणून तिनं विचारलं.

"नाही," आबा म्हणाले. छत्तीस वर्षांच्या नोकरीत त्यांनी एकही आकडा खोटा लिहिला नव्हता.

६

बुधवारी अपील अधिकाऱ्यांनी चौथं पान दोनदा वाचलं. मान डोलावली. वर्षभराची आकारणी टिकत नाही, ती दोन ऑगस्टपासूनच धरावी लागेल, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. कंपनीच्या प्रतिनिधीनं फार वाद घातला नाही.

"चोरीचा शेरा मात्र राहील," अधिकारी म्हणाले. "सील तुटलेलं आहे. ते कुणी तोडलं हे ग्राहकानं सांगितलेलं नाही."

शाझियानं आबांकडे पाहिलं. आबा टेबलाच्या कडेकडे बघत राहिले. तिनं पुन्हा पाहिलं, आणि तिला कळलं की यांना ठाऊक आहे. तिच्या तोंडावरचा रंग उतरला. ती फाईल बंद करायला लागली.

तेव्हा मागच्या बाकावरून कुणीतरी उठलं. नूतन. ती कधी येऊन बसली हे आबांना कळलंही नव्हतं.

"सील माझ्या नवऱ्यानं तोडलं, साहेब," ती म्हणाली.

मग तिनं सगळं सांगितलं, पाणी, भडका, सोमवारचं मीटर, नजीरचाचांचं येणं, काही न गाळता. कंपनीचा प्रतिनिधी उभा राहिला. मेलेल्या कर्मचाऱ्यावर ढकलणं सोपं असतं, तो काही उठून नाही म्हणायला येणार नाही, असं तो म्हणाला. अधिकाऱ्यांनी हात वर करून त्याला थांबवलं आणि नूतनला विचारलं, तिचा नोकरीचा अर्ज याच कंपनीत आहे, या जबाबाचा त्याच्यावर काय परिणाम होईल याची तिला कल्पना आहे का.

"आहे. म्हणूनच तीन महिने गप्प होते."

प्रतिनिधी खाली बसला. आपलं घर जाळून दुसऱ्याला उजेड करणाऱ्या बाईला खोटारडी म्हणायला त्याचीही जीभ रेटेना. मग आबा उठले.  त्यांनी पुराव्यात ठेवलेला तो जोड मागितला, सगळ्यांसमोर शेपूट चिमटीत धरलं आणि ओढलं. टेप एका दमात सुटली. चोर अशी टेप लावत नाही, त्यांनी सांगितलं. ही उद्या परत येणाऱ्या माणसाची टेप आहे. नजीरनं ती लावली नाही, त्याला तारेतलं काही कळतही नव्हतं. त्याचा गुन्हा एवढाच की देवीच्या दळणासाठी चक्की जरा जास्तच स्वच्छ धुतली.

"हा जोड अमक्याचाच, हे तुम्ही कशावरून सांगता?" अधिकाऱ्यांनी विचारलं.

"मी शिकवलाय, साहेब. तो माझा मुलगा होता."

आदेश आठवड्यानं आला. ग्राहक नजीर यांनी वीजचोरी केल्याचे सिद्ध होत नाही. सील मयत तंत्रज्ञ स्वप्नील कौतिक महाजन यांनी विनापरवाना तोडले. त्याच आठवड्यात नूतनच्या अर्जाचा कागदही आला. पुढील चौकशीपर्यंत प्रलंबित. तिनं तो वाचला, घडी केला आणि कुकर लावायला गेली.

शाझिया आदेश घेऊन आबांना न्यायला आली. तुम्ही खोटं का बोललात, हे तिनं विचारलं नाही. आबांनी आपणहून माफी मागितली तेव्हा तिनं नुसती मान हलवली. तिच्या आईला, हुस्नबानोभाभींना, आदेश आबांच्या तोंडून ऐकायचा होता. त्या इद्दतीतच होत्या. बाहेरच्या खोलीत आबा बसले, मधल्या दाराला पडदा, पडद्याआड भाभी. दानिश भिंतीला टेकून उभा होता, डोळे लाल. आबांनी पहिलं वाक्य वाचलं. चोरी केल्याचे सिद्ध होत नाही. दानिश मट्‌कन खाली बसला आणि लहान मुलासारखा रडायला लागला.

पडद्याची कड हलली.

"कौतिकभाऊ," मग भाभींनी विचारलं, "कागदावर स्वप्नीलचं नाव लिहिलंय का?"

"लिहिलंय, भाभी."

"मला सगळं ठाऊक होतं," त्या म्हणाल्या. "त्यांनी मला कसम घातली होती. शाझियानं विचारलं तरी सांगू नको म्हणाले. पोरगी रात्रंदिवस कागद घेऊन पळायची, पोरगा बापाला चोर समजायचा, आणि मी इथं आत बसून ऐकत होते. कौतिकभाऊच्या पोराच्या नावाला धक्का लागता कामा नये, एवढंच त्यांचं म्हणणं होतं."  मग त्यांनीच विचारलं, "मग यांनी एवढं सोसलं ते कशासाठी, भाऊ?"

आबांनी कागदाची घडी केली. स्वप्नीलच्या नावाचं पुढचं वाक्य वाचायचं राहिलं होतं, पण ते त्यांनी वाचलं नाही.